टाइपरायटर सुटला, आता सवयी सोडवूया



बचत, कर्ज, व्याज, उद्योग यांवर आपण या कार्यक्रमात नेहमीच बोलतो. आज बोलायचंय ते या सगळ्याचा शेवटी जो कागद होतो त्या कागदाबद्दल. गटाचा अर्ज, बैठकीचा ठराव, हिशेबाचा तक्ता, चटणीच्या पाकिटावरचं लेबल. हे सगळं आता संगणकावर होतं. ते नीट, वाचायला सोपं आणि दुसऱ्याच्या संगणकावरही जसंच्या तसं दिसेल असं कसं करायचं, हा आजचा विषय.

विषय निवडायचं कारण सांगते. शिरोळपासून चंदगडपर्यंत गटांची आणि ग्रामसंघांची लिखापढी बघणाऱ्या बऱ्याच जणी आज चाळिशी-पन्नाशीत आहेत. दहावी-बारावी झाल्यावर घरच्यांनी त्यांना टायपिंगच्या क्लासला घातलेलं. मराठी ३० शब्द, इंग्रजी ४० शब्द मिनिटाला, परीक्षा, सर्टिफिकेट. पुढे लग्न झालं, सर्टिफिकेट ट्रंकेत गेलं. आता गटाच्या निमित्तानं संगणक समोर आला आणि बघते तर काय, बोटं काहीच विसरलेली नाहीत! ही मोठी जमेची बाजू आहे. माऊस हातात धरून एकेक अक्षर शोधणाऱ्या कॉलेजच्या पोरापेक्षा आपली ताई दुप्पट वेगानं टाइप करते.

पण वेगाबरोबर जुन्या सवयीही आल्या. त्या सवयी चुकीच्या नव्हत्या बरं का. त्या त्या मशीनसाठी अगदी बरोबर होत्या. मशीन बदललं, सवयी तिथंच राहिल्या, एवढंच. आणि ज्यांनी टाइपरायटर बघितलासुद्धा नाही अशा पोरींनीही त्याच सवयी आपल्याकडून उचलल्यात. म्हणून आजचं बोलणं सगळ्यांसाठी आहे.

आधी दोन मशीनमधला फरक समजून घेऊ, म्हणजे पुढचं पाठ करावं लागणार नाही.

टाइपरायटरवर कळ दाबली की खिळा रिबनवर आपटतो आणि कागदावर शाई उमटते. कागद हेच शेवटचं. प्रत्येक ठोक्याला कॅरेज सारखीच सरकते, मग अक्षर रुंद असो की अरुंद. समास जवळ आला की घंटी वाजते, आपण कॅरेज ओढतो, नवी ओळ सुरू होते. गोदरेजनं १९५५ साली भारतातला पहिला टाइपरायटर काढला, आणि पुढची कित्येक वर्षं आपली कोर्टं, कचेऱ्या, शाळा याच ठोक्यांवर चालल्या.

संगणकावर तसं नाही. तिथं कळ दाबली की अक्षराचा एक क्रमांक साठवला जातो. अक्षर कसं दिसायचं, ओळ कुठं मोडायची, किती जागा सोडायची हे संगणक नंतर ठरवतो, आणि दर वेळी नव्यानं ठरवतो. तुम्ही अक्षर मोठं केलं की ओळी बदलतात. फाईल बँकेच्या संगणकावर उघडली की पुन्हा बदलू शकतात. म्हणजे टाइपरायटरवर आपण कागद सजवायचो, संगणकावर आपण सूचना द्यायच्या. हा एक फरक डोक्यात बसला की पुढचं सगळं सोपं.

आता एकेक सवय घेऊ.

पहिली सवय, प्रत्येक ओळीच्या शेवटी एंटर. घंटीची वाट बघायची सवय असल्यामुळं ओळ संपत आली की बोट आपोआप एंटरवर जातं. संगणकावर ओळ आपोआप खाली येते. एंटर फक्त परिच्छेद संपल्यावर. नाहीतर काय होतं? समजा अर्ज तयार झाला आणि अध्यक्षबाई म्हणाल्या, अक्षर जरा मोठं करा, वाचायला येईना. अक्षर मोठं केलं की एक ओळ पूर्ण, पुढच्या ओळीत दोनच शब्द, पुन्हा एक ओळ पूर्ण, पुन्हा दोन शब्द. करवतीच्या दात्यांसारखा कागद. मग तासभर बसून सगळे एंटर काढा. शब्द ओळीत मावत नाही म्हणून मधेच छोटी रेघ देऊन तोडायची सवयही तशीच. मजकूर सरकला की ती रेघ ओळीच्या मधोमध येऊन बसते आणि 'बचत' चं 'बच-त' होतं.

दुसरी सवय, स्पेस बारनं जागा सोडणं. शीर्षक मध्यभागी आणायला आपण मशीनवर अक्षरं मोजायचो, निम्मी करायचो, तेवढे ठोके मागं यायचो. हिशेबच होता तो! आता मध्यभागी आणायचं एक बटण आहे. तारीख उजवीकडं न्यायलाही बटण आहे. परिच्छेदाच्या सुरुवातीला जागा हवी तर टॅब दाबा किंवा वरच्या पट्टीवर तो समास सरकवा. नवीन पानावर जायचं तर वीस वेळा एंटर न मारता कंट्रोल धरून एकदा एंटर दाबा. साधा नियम लक्षात ठेवा: दोन शब्दांच्या मधे एकच स्पेस. तिथं दुसरी स्पेस द्यावीशी वाटली की समजायचं, या कामासाठी वेगळं बटण आहे.

तिसरी, पूर्णविरामानंतर दोन स्पेस. क्लासमध्ये हे घोटून घेतलेलं असतं. मशीनवर सगळ्या अक्षरांना सारखीच जागा मिळायची, त्यामुळं वाक्य कुठं संपलं ते कळायला जास्त जागा लागायची. संगणकाच्या अक्षरांना आपापल्या रुंदीप्रमाणं जागा मिळते, म्हणून एक स्पेस पुरते. आणि विरामचिन्हाच्या आधी स्पेस नाहीच. स्वल्पविराम शब्दाला चिकटून, मग एक स्पेस, मग पुढचा शब्द. आधी स्पेस दिली तर कधीकधी शब्द वरच्या ओळीत राहतो आणि बिचारा पूर्णविराम खालच्या ओळीत एकटाच उभा राहतो.

चौथी, अधोरेखा. मशीनवर महत्त्वाचं काही दाखवायला दोनच उपाय होते: खाली रेघ मारायची नाहीतर अक्षरं सुटी सुटी टाइप करायची, म्हणजे 'ठ रा व' असं. देवनागरीत अधोरेखा त्रासदायकच. ती उकारांना कापत जाते. 'कुसुम' आणि 'सुमन' मधले उकार रेघेत बुडतात. आता ठळक अक्षर म्हणजे बोल्ड आहे, ते वापरा. तेसुद्धा जपून. सगळंच ठळक केलं तर काहीच ठळक राहत नाही, जेवणात सगळ्याच पदार्थांत तिखट जास्त झाल्यासारखं. तिरपी अक्षरं इंग्रजीत शोभतात, मराठीत ती पडायला आल्यासारखी दिसतात. आणि अक्षरं सुटी करू नका: शिरोरेघ तुटते, शब्द तुटतो, आणि फाईलमध्ये 'ठराव' शोधायला गेलात तर संगणकाला तो सापडत नाही.

पाचवी सवय आपल्या हिशेबाशी संबंधित आहे, म्हणून जरा जास्त लक्ष द्या. मशीनवर आपण स्पेस मोजून रकाने पाडायचो: नाव, बचत, कर्ज, व्याज, शिल्लक. अक्षरं सारख्या रुंदीची असल्यानं आकड्याखाली आकडा बरोबर यायचा. संगणकावर तेच केलं तर तुमच्या पडद्यावर सरळ दिसलेला रकाना दुसऱ्या संगणकावर वाकडा होतो. सुनीताची शिल्लक अनिताच्या ओळीत सरकल्यासारखी दिसते, आणि तपासणाऱ्याला वाटतं हिशेबातच घोळ आहे. गटाचा विश्वास हा हिशेबावर असतो. तो स्पेस बारवर सोडायचा नाही. तक्ता म्हणून सरळ टेबल घाला. नावं डावीकडून, आकडे उजवीकडून लावा, म्हणजे एकंखाली एकं, दहंखाली दहं येतं आणि ९५० व १२,५०० यांतला फरक डोळ्यालाच कळतो. स्वल्पविराम आपल्या पद्धतीनं: १,२५,०००. आणि बेरीज संगणकाकडून करून घ्यायची असेल तर त्या तक्त्यात आकडे इंग्रजी अंकांत भरा. मराठी अंकांना हिशेबाचा तक्ता बहुतेक वेळा अक्षरंच समजतो आणि बेरीज शून्य दाखवतो. छापायच्या मराठी अर्जात मात्र मराठी अंक खुशाल वापरा. फक्त एकाच कागदात दोन्हींची भेसळ नको.

आता येऊ मराठीच्या खास गोष्टींकडं. टाइपरायटरवर जागा कमी, कळा कमी, आणि आपली अक्षरं भरपूर. त्यामुळं अक्षरं तुकड्यांनी जोडायची रीत होती. अर्धं अक्षर, त्याला काना जोडला की पूर्ण अक्षर. काही कळा अशा की ठोका बसतो पण कॅरेज सरकत नाही, म्हणजे उकार आणि मात्रा त्याच अक्षरावर बसाव्यात. पहिली वेलांटी आधी मारायची, मग अक्षर. थोडक्यात, जसं डोळ्याला दिसतं त्या क्रमानं टाइप करायचं.

संगणकावर क्रम उच्चाराचा. 'कि' साठी आधी क, मग वेलांटी. 'सूर्य' मधला रफार दिसतो य च्या डोक्यावर, पण उच्चार र चा आधी. म्हणून आधी र, मग पायमोड म्हणजे हलंत, मग य. इन्स्क्रिप्ट नावाचा जो कळफलक संगणकात आधीपासूनच असतो, त्यात हाच क्रम आहे: स्वर डाव्या हाताला, व्यंजनं उजव्या हाताला. ज्यांना जुनी रेमिंग्टनची मांडणीच हवी त्यांनाही तशी सोय मिळते, बोटं जुनीच, आतलं साठवणं नवं. कुठलाही कळफलक घ्या, पण एकच घ्या आणि तो पक्का करा.

तुकडे जोडायच्या सवयीतून एक न दिसणारी गोम तयार होते. 'ओ' कसा लिहायचा? मशीनची सवय म्हणते, अ ला काना-मात्रा द्या. डोळ्याला 'ओ' च दिसतो. पण संगणकाच्या लेखी ओ हे एक अक्षर, आणि अ अधिक काना-मात्रा ही दोन वेगळी. तेच ए वर मात्रा देऊन केलेल्या 'ऐ' चं आणि अ वर चंद्र ठेवून केलेल्या 'ॲ' चं. आता समजा सभासदांच्या यादीत 'ऐश्वर्या' हे नाव असं जोडून लिहिलंय. वर्षभरानं कुणी यादीत शोधलं तर उत्तर येतं, असं नाव नाही. नाव समोर दिसतंय आणि संगणक म्हणतोय नाही! काही मोबाइलवर अशा अक्षरात ठिपक्यांचं वर्तुळही उमटतं. म्हणून आ, ओ, औ, ऐ, ॲ यांची स्वतंत्र कळ शोधा आणि तीच वापरा.

गंमत म्हणजे अ लाच सगळ्या खुणा लावायची कल्पना एकेकाळी मुद्दाम मांडली गेली होती. स्वातंत्र्यवीर सावरकरांनी लिपिसुधारणेत अ ची बाराखडी सुचवली, छपाईला कमी खिळे लागावेत म्हणून. तेव्हा अडचण खिळ्यांची होती. आता ती अडचणच उरलेली नाही.

अशाच आणखी दोन जागा. 'दुःख', 'स्वतः', 'अंतःकरण' यांतला विसर्ग म्हणजे दोन टिंबांचं विरामचिन्ह नव्हे. दिसायला सारखं, पण विसर्ग हा अक्षराचा भाग, आणि ते चिन्ह शब्दाच्या बाहेरचं. विसर्गाची कळ वेगळी आहे. दुसरी जागा 'ऱ्या' ची. 'दऱ्या-खोऱ्या' आणि 'दर्या' म्हणजे समुद्र, यांत फरक आहे की नाही? 'आचाऱ्यास' म्हटलं की स्वयंपाकी आणि 'आचार्यास' म्हटलं की गुरुजी! इन्स्क्रिप्टवर शिफ्ट धरून र ची कळ दाबली की ऱ येतो, त्याला हलंत देऊन य किंवा ह जोडायचा. पन्हाळ्याच्या पायऱ्या, शेतकऱ्यांचा मेळावा, वाऱ्यावर वाळवलेल्या कुरडया, सगळीकडं हा ऱ लागतो.

आता सगळ्यात मोठा मुद्दा, फाँटचा. समन्वयक म्हणून गटांच्या फायली माझ्या टेबलावरून पुढं जातात, आणि सगळ्यात जास्त अडचण इथं येते. युनिकोडच्या आधीचे बरेच मराठी फाँट कसे चालायचे? आत साठवलेलं असायचं इंग्रजी अक्षर, आणि वरून चढवलेलं असायचं मराठी सोंग. भारुडातल्या सोंगासारखं. तो फाँट ज्या संगणकात आहे तिथं सोंग टिकतं. बँकेच्या किंवा पंचायत समितीच्या संगणकात तो फाँट नसेल तर सोंग गळून पडतं आणि पडद्यावर इंग्रजी अक्षरांचा आणि चिन्हांचा चिवडा दिसतो. पलीकडचा माणूस म्हणतो, फाईल खराब आहे, परत पाठवा. बाईची पदरमोड, एसटीचं भाडं, एक दिवसाची मजुरी गेली, आणि कर्ज लांबलं ते वेगळंच.

युनिकोडनं हा प्रश्न सोडवला. १९९१ साली त्याची पहिली आवृत्ती आली. जगातल्या लिप्यांमधल्या प्रत्येक अक्षराला एक कायमचा क्रमांक, ही त्यामागची कल्पना. देवनागरीच्या मूळ संचाला त्यात १२८ जागा दिलेल्या आहेत. क चा क्रमांक कोल्हापुरात जो, तोच दिल्लीत आणि तोच दुबईत. फाँट बदलला तर फक्त वळण बदलतं, क चा क च राहतो. राज्य शासनानंही कार्यालयीन मराठीसाठी युनिकोड वापरायच्या सूचना काढलेल्या आहेत. विंडोजमध्ये मिळणारा 'मंगल' हा युनिकोड फाँट आहे. त्याची अक्षरं सुलेखनकार र. कृ. जोशी यांनी रेखाटली. 'मुक्ता', 'बालू' आणि राज्य मराठी विकास संस्थेचा 'यशोमुद्रा' हेही युनिकोडच, आणि फुकट मिळतात.

आपला फाँट युनिकोड आहे का हे कसं ओळखायचं? मजकुराची एक ओळ उचलून व्हॉट्सॲपवर स्वतःलाच पाठवा. मराठी मराठीच दिसली तर युनिकोड. चिवडा दिसला तर सोंग. जुन्या फायली बदलून देणारे कन्व्हर्टर मिळतात; पण बदलल्यावर जोडाक्षरं, रफार आणि पहिली वेलांटी डोळ्यांत तेल घालून तपासा, घोळ तिथंच होतो. विशेषतः नावं. आधारवर, पासबुकात आणि अर्जात नाव एकसारखंच हवं. एका उकारानं पैसे अडकतात, हे तुम्हाला मी वेगळं सांगायला नको.

आता कागदाच्या दिसण्याबद्दल. मराठी ओळीला वर मात्रा-वेलांट्या आणि खाली उकार असतात, त्यामुळं इंग्रजीपेक्षा ओळींमधे जास्त अंतर लागतं. मशीनच्या खटक्यावर आपण दीड ओळ ठेवायचो ना, ती सवय मात्र सोडू नका. संगणकावरही सव्वा ते दीडपट अंतर ठेवा. कागद फुलस्केप नसून ए-फोर आहे, २१० बाय २९७ मिलिमीटर, हे पान-मांडणीत बघून घ्या. डावीकडं फायलीला टोचायला समास मोकळा सोडा. मजकूर डावीकडून सरळ ठेवा. दोन्ही बाजू सरळ करायच्या नादात अरुंद रकान्यात शब्दांमधे भगदाडं पडतात. एका कागदात एकच फाँट, शीर्षकाला फार तर दुसरा. 'रु.' आणि आकडा यांच्यामधे कंट्रोल आणि शिफ्ट धरून स्पेस द्या, म्हणजे 'रु.' एका ओळीत आणि रक्कम दुसऱ्या ओळीत अशी ताटातूट होत नाही.

हेच लेबलला. कांदा-लसूण चटणी असो, काकवी असो की नाचणीचे पापड, गिऱ्हाईक पाकीट हातात धरून वाचतं. त्यातली निम्मी गिऱ्हाइकं चष्मा घरी विसरून आलेली असतात! नाव मोठं आणि साधं. वजन, किंमत, तयार केल्याची तारीख आणि अन्न परवान्याचा १४ अंकी क्रमांक ही माहिती नक्षीदार फाँटमध्ये घालू नका. लाल पाकिटावर काळी अक्षरं तर नकोतच. छापायला टाकायच्या आधी लेबल खऱ्या आकारात साध्या कागदावर काढा, आणि गटातल्या सगळ्यात वयस्कर मावशींना वाचायला द्या. त्या अडखळल्या नाहीत तर लेबल पास.

फाईल पाठवताना एक मूळ प्रत आणि एक पीडीएफ, अशा दोन ठेवा. मूळ प्रत आपल्याला दुरुस्तीसाठी, पीडीएफ समोरच्याला. म्हणजे आपण मांडलंय तसंच तिकडं दिसतं.

मैत्रिणींनो, हे सगळं एका दिवसात होणार नाही. एक करा. वर्ड उघडलं की परिच्छेदाच्या उलट्या पी सारखं दिसणारं चिन्ह असलेलं बटण आहे. ते दाबा. तुमच्या जुन्या अर्जात प्रत्येक स्पेसच्या जागी टिंब आणि प्रत्येक एंटरच्या जागी ते चिन्ह दिसेल. टिंबांच्या रांगाच्या रांगा दिसल्या की कळेल, बोट अजून कुठं मशीनवरच आहे. एक आठवडा फक्त स्पेसकडं लक्ष द्या, दुसऱ्या आठवड्यात एंटरकडं, मग ओ-औ-ऐ कडं. ग्रामसंघाच्या पुढच्या बैठकीला प्रत्येक गटानं आपला एक तक्ता आणि एक अर्ज पेन ड्राइव्हवर घेऊन यावा, दुसऱ्या गटाच्या संगणकावर उघडून बघावा, आणि जिला जे जमलंय ते तिनं शेजारणीला दाखवावं. तरण्या पोरींनी बटणं दाखवावीत, जुन्या ताईंनी न बघता टाइप करायचा सराव शिकवावा. दोघींनाही एकमेकींची गरज आहे.

येते मी. नमस्कार!